सोत मा विल (१९६८) : तेरा मिनिटं आणि एक स्वयंपाकघर

पागोळी

बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकेरमानच्या ‘सोत मा विल’ या लघुपटावर इथे बोलावं असं बरेच दिवस मनात होतं. कृष्णधवल, जेमतेम तेरा मिनिटांचा. तो केला तेव्हा ती अठरा वर्षांची होती. ब्रसेल्समधल्या फिल्म स्कूलमध्ये नाव घातलं आणि काही महिन्यांतच सोडलं, कारण तिला शिकत बसायचं नव्हतं, लगेच चित्रपट करायचा होता. पैसे तिनेच उभे केले, दिग्दर्शनही तिचंच आणि पडद्यावरही तीच एकटी. नावाचा अर्थ साधारण ‘उडून जा, माझ्या शहरा’, स्फोटात उडतं तसं.

शेवट आधी कळायला नको असेल त्यांनी बघून येऊन मग वाचा. शेवटाबद्दल बोलल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही.

एक मुलगी फुलं घेऊन उंच इमारतीत शिरते. लिफ्टचं बटण दाबते, पण वाट बघवत नाही म्हणून जिने धावत चढते. सगळा वेळ गुणगुणत असते. घरात आल्यावर सरळ स्वयंपाकघर. स्पॅगेटी उकडते, खाते. दाराच्या फटी चिकटपट्टीने बंद करते. मांजराला बाहेर काढते. कपाटातली भांडी जमिनीवर टाकते, पाणी ओतते, फरशी पुसायला लागते. बुटांना पॉलिश करते आणि ब्रश बुटावरून पायावर चढतो, नडगीला पॉलिश लागतं. आरशासमोर तोंडाला काहीतरी पांढरं फासते, नाचते, हसते. मग गॅसच्या शेगडीशी ओणवी होते, हातात तीच फुलं. पडदा काळा होतो आणि स्फोटाचा आवाज येतो.

मला यात दिसतं ते असं. तिने केलेलं एकूण एक काम घरोघरी रोज होतं. स्वयंपाक, जेवण, आवराआवर, फरशी, बूट, चेहरा. एकही काम मुळात विचित्र नाही. फक्त प्रत्येक काम जिथे थांबायला हवं तिथे थांबत नाही, अर्धं पाऊल पुढे जातं. का थांबत नाही? माझ्या मते, कारण ते कुणासाठीच नाही. आपल्याकडे घरकामाला कायम कुणीतरी घेणारं असतं. डबा कुणाचा तरी असतो, ताट कुणाचं तरी असतं, ‘झालं का गं?’ असं विचारणारं कुणीतरी असतं, आणि त्या विचारण्याने काम संपतं. या मुलीला काम संपलं असं सांगणारं कुणी नाही. एकटेपणा दाखवायला तिने एकही उदास चेहरा वापरलेला नाही. न संपणारी कामं दाखवली. इतक्या लहान वयात हे तिला सुचलं याचं मला फार अप्रूप आहे.

तुम्हाला काय वाटलं?

सातारकर

लघुपट पाहिला. लेख आवडला, तरी थोडा मतभेद मांडतो. तुम्ही तो फारच गंभीरपणे पाहिलात. सुरुवातीला लिफ्ट आणि मुलगी यांची शर्यत आहे ती काय आहे? चॅप्लिनच्या वळणाचा विनोद आहे तो. आधी भांडी खाली टाकायची, मग त्या पसाऱ्यात पाणी ओतायचं आणि मग पुसायचं, हेही मूकपटातल्या विदूषकासारखंच. तिचं शरीर बघा. थोडं अवघडलेलं, घाईत, हात-पाय कुठेही आपटणारं. ही मुलगी घर आवरत नाही, घराशी मारामारी करते. शेवटपर्यंत मी हसत होतो आणि म्हणूनच शेवट अंगावर आला. आधीच उदास होऊन पाहिला असता तर ‘हे होणारच होतं’ असं वाटून गेलं असतं.

दुसरं, फ्रेंच दिग्दर्शक गोदार. तिने पंधराव्या वर्षी त्याचा ‘पिएरो ल फू’ पाहिला आणि त्याच दिवशी ठरवलं की आपण चित्रपट करायचे. त्याचा शेवटही स्फोटाने होतो. म्हणजे हा स्फोट तिच्या आयुष्यातून आला तसा सिनेमातूनही आला आहे. घरकामाचा सिद्धान्त मांडताना ही खोडकर, सिनेमावेडी मुलगी हरवू नये एवढंच म्हणणं.

पागोळी

सातारकर, ‘घराशी मारामारी’ हे अगदी पटलं. विनोद आहेच. पण तो विनोद बघायलाही घरात कुणी नाही. चॅप्लिनच्या आजूबाजूला पोलीस असतो, मुकादम असतो, कुणीतरी चिडतं. हिच्यावर चिडणारंही कुणी नाही.

केतकी_प

मी ध्वनिसंकलनाचं काम करते, त्यामुळे कान आधी जातो. या लघुपटात संवाद नाहीत आणि आवाज नंतर जोडलेले आहेत. ते गुणगुणणं नीट ऐका. ते तिच्या ओठांशी जुळत नाही. तोंड मिटलेलं असतानाही आवाज चालूच असतो. शिवाय तो त्या खोलीतला वाटत नाही. जिन्यात माणूस गायला तर आवाज घुमेल, स्वयंपाकघरात वेगळा लागेल. इथे तो सगळीकडे सारखाच, अगदी कानाशी. आम्ही याला चूक म्हणतो आणि दुरुस्त करतो. तिने नाही केली. माझ्या मते करायची नव्हती.

घरात एकटं असताना आपण स्वतःशी गुणगुणतो ना, ते आपल्याला बाहेरून ऐकू येतच नाही, आतूनच येतं. तिने तो आतला आवाज पडद्यावर आणलाय. खोलीचे आवाज मात्र हवे तेव्हा ठेवलेत, हवे तेव्हा काढून घेतलेत. त्यामुळे वस्तू दिसतात पण सोबत करत नाहीत. रिकाम्या घरात फ्रिजची घरघर, नळाची टिपटिप यांचीही सोबत असते. ती तिने आपल्याकडून काढून घेतली.

आणि स्फोटानंतरचं कुणी बोललं नाही अजून. पडदा काळा असताना तिचाच आवाज श्रेयनामावली वाचून दाखवतो. मुलगी गेली, आवाज राहिला. ही मला या तेरा मिनिटांतली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट वाटते.

निशिगंध

मला हा लघुपट बघवला नाही, आणि ते इथे मोकळेपणाने लिहिते आहे. मी विशीत होते तेव्हा, ऐंशीच्या दशकात, वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर एक मथळा नेहमी असायचा : ‘स्टोव्हचा भडका उडून विवाहितेचा मृत्यू’. स्टोव्ह नेमका नव्या सुनेच्याच हातात कसा भडकतो, हे विचारत बायका रस्त्यावर आल्या तेव्हा कुठे १९८३ मध्ये विवाहितेच्या छळाविरुद्धचं कलम ४९८ अ आणि १९८६ मध्ये हुंडाबळीचं कलम आलं. तेव्हा मोर्चात चालले आहे. त्यामुळे तरुण मुलगी, बंद दार आणि शेगडी हे तिन्ही एका चौकटीत आले की मला विनोद दिसत नाही, सिद्धान्त दिसत नाही. मला तो मथळा दिसतो.

शिवाय आकेरमानचं २०१५ मध्ये पॅरिसमध्ये निधन झालं तेव्हा ती आत्महत्या असल्याचं फ्रेंच वर्तमानपत्रांनी लिहिलं होतं. हे माहीत असताना हा लघुपट तरुण मुलामुलींना ‘बघाच’ म्हणून पाठवावा का? कलेला बंदी घाला असं म्हणत नाही. पण पाठवताना चार शब्द सांगावेत. आणि वाचणाऱ्यांपैकी कुणाला खरंच जड जात असेल तर सरकारची टेलिमानस सेवा आहे, १४४१६ या क्रमांकावर. फोन करा.

पागोळी

निशिगंधताई, क्रमांक दिलात हे फार बरं केलंत. मूळ लेखातही वर टाकते.

तुमचा प्रतिसाद वाचून एक गोष्ट लखकन दिसली. त्या मथळ्यांतल्या मुली एकट्या नव्हत्या. घर माणसांनी भरलेलं होतं आणि नंतर सगळे म्हणत, आम्ही बाहेरच्या खोलीत होतो. स्वयंपाकघर हीच घरातली अशी जागा की जिथे बाई सगळ्यांच्या मध्ये असूनही एकटी सापडते. ब्रसेल्समधल्या इमारतीत बाकीच्या मजल्यांवर माणसं असणारच. ती लिफ्ट कुणीतरी वापरतच असेल. पण लघुपटात आपल्याला शेजाऱ्याची चाहूलही मिळत नाही.

तिच्या मृत्यूबद्दल मात्र मला वेगळं वाटतं. मधे सत्तेचाळीस वर्षांचं काम आहे. चाळीसहून जास्त चित्रपट, पुस्तकं, कलादालनांतल्या मांडण्या. शेवटच्या दिवसाचा उजेड पहिल्या लघुपटावर टाकला की हे सगळं मधलं अंधारात जातं. केतकीने सांगितलेला तो आवाज म्हणूनच मला महत्त्वाचा वाटतो. पडद्यावरची मुलगी संपते आणि दिग्दर्शिका नावं वाचायला शिल्लक राहते. मी अमुक केलं, तमुक केलं, हे ती स्वतः सांगते. ते निरोपाचं बोलणं वाटत नाही, कामाला लागलेल्या माणसाचं वाटतं.

रीळ

उशिरा येतोय. चर्चा छान चालली आहे.

पागोळी, तुमच्या ‘घेणारं कुणी नाही’ या मुद्द्याला एक जोड देतो. जवळपास त्याच काळात, लघुपटानंतर वर्षा-दोन वर्षांतच, आपल्याकडे मणी कौल यांनी ‘उसकी रोटी’ केला. मोहन राकेश यांच्या कथेवरून. त्यात बालो रोज नवऱ्यासाठी भाकरी बांधून बसच्या रस्त्यावर उभी राहते. नवरा बस चालवतो, तो येईल आणि रोटी घेईल म्हणून. तो येत नाही. म्हणजे तिथे काम कुणासाठी तरी आहे, पण घेणारा येत नाही. त्यामुळे कामाचा शेवट लांबत जातो आणि वाट बघणं हेच काम होऊन बसतं. के. के. महाजन यांनी तो प्रामुख्याने दोनच भिंगांवर चित्रित केला, अठ्ठावीस आणि एकशे पस्तीस मिलिमीटर. एकात सगळं खोलवर दिसतं, दुसऱ्यात पार्श्वभूमी पुसली जाते आणि हात, पीठ, चेहरा एवढंच उरतं. एकटेपणाची ही दोन रूपं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून बाहेर पडलेला माणूस आणि तिकडे शाळा सोडून आलेली मुलगी. एकमेकांचा पत्ता नसताना दोघेही स्वयंपाकाच्या कामापाशी येऊन थांबतात, हे मला फार सुंदर वाटतं.

आणि कृपा करून फोनवर पाहू नका. ३५ मिलिमीटरवर चित्रित झालेली चीज आहे. जमेल तेवढ्या मोठ्या पडद्यावर, चार माणसांत पाहा. मुंबईत प्रभात चित्र मंडळ सुरू झालं तेही १९६८ मध्येच, आणि आमच्या पिढीला चित्रपट संपल्यावर खुर्चीतून न उठता बोलायची सवय अशा फिल्म सोसायट्यांनीच लावली. या लघुपटाला ती सवय लागते. एकट्याने पाहिला तर तो नुसता घुमत राहतो.

उंबरा

मी सिनेमातली जाणकार नाही. मुलीने हा धागा वाचायला दिला आणि लघुपटही तिनेच लावून दिला. यजमान गेल्यापासून मी एकटीच राहते. म्हणून लिहावंसं वाटलं.

पागोळी, तुझं म्हणणं समजलं, पण मला तसं नाही वाटलं. एकट्या माणसाचं काम कुणासाठी नसतं असं नाही. ते स्वतःसाठी असतं, आणि स्वतःसाठी करायला शिकावं लागतं. मला वेळ लागला. इतकी वर्षं हाताला चौघांचं माप ठाऊक. एकीपुरती कणीक भिजवायची तर परातीत हातच बसत नाही, आमटी उरते, मग तीच दोन दिवस. पण सकाळी उठून चहा, देवपूजा, कुकर, अंघोळीनंतर लगेच कपडे वाळत, दुपारी ओटा कोरडा करूनच पडायचं, हे मी कधीही सोडलं नाही. सोडलं असतं तर कठीण होतं. त्या क्रमानेच मला धरून ठेवलं. लोक म्हणतात, एकटीसाठी कशाला एवढं? एकटीसाठीच तर एवढं.

त्या पोरीकडे बघताना मला वाटलं की हिला सगळी कामं येतात, पण क्रम येत नाही. जेवण झालं की फरशी, की आधी भांडी, की बूट? कामं तिने कुणाची तरी बघून उचललेली आहेत, बहुतेक आईची. घरही आईचंच असावं असं वाटत राहतं. त्या ओट्यावरचं काहीही तिने स्वतः मांडलेलं नाही. दुसरीच्या मांडणीत आपला दिवस बसवायचा म्हटलं तर कुणाचाही जीव गुदमरेल. सासरी गेलेली प्रत्येक जण हे सांगेल.

पागोळी

उंबराकाकू, तुमचा प्रतिसाद मी परत परत वाचला. ‘सगळी कामं येतात, पण क्रम येत नाही’ या एका वाक्याने माझ्या म्हणण्याला खरा आधार मिळाला. काम न संपण्याचं कारण तिथेच आहे. पुढचं काम माहीत असलं की आधीचं संपतं.

आणि आईबद्दल तुम्ही बोललात ते फार जवळचं आहे. आकेरमानची आई नाताल्या ही पोलंडहून आलेली ज्यू. आऊशवित्झच्या छावणीतून जिवंत परतली, तिचे आईवडील परतले नाहीत. त्याबद्दल ती घरात फारसं बोलत नसे. मुलगी मोठी झाली ती घरातल्या बायकांच्या हालचाली बघत. आई, मावश्या-आत्या, त्यांचं टेबल पुसणं, अंथरूण घालणं. हे तिने मुलाखतींमध्ये सांगितलं आहे. पुढे १९७५ मध्ये तिने ‘ज्यान दीलमान’ केला, तीन तास एकवीस मिनिटांचा, आणि त्यात देल्फीन सेरिगने एका विधवा आईचे तीन दिवस उभे केले. बटाटे सोलणं, मांसाचे तुकडे पिठात घोळवणं, दिवे बंद करणं, सगळं लागतं तेवढ्या पूर्ण वेळात. काकू, ती बाई तुमच्या वळणाची आहे. तिच्याकडे क्रमच क्रम आहे आणि त्यावर ती उभी आहे. दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात, एवढंच होतं, आणि तिथून सगळं ढासळायला लागतं. ‘साइट अँड साउंड’ मासिकाच्या २०२२ च्या कौलात समीक्षकांनी त्याला आजवरचा सर्वश्रेष्ठ चित्रपट ठरवलं. त्या यादीत बाईने केलेला चित्रपट पहिला येण्याची ती पहिलीच वेळ.

आकेरमानने स्वतः म्हटलं आहे की ‘सोत मा विल’ हा त्या चित्रपटाच्या बरोबर उलट आहे. दीलमानबाईकडे सोसणं आहे, या मुलीकडे संताप.

सातारकर

संताप! हाच शब्द मी शोधत होतो. उदासी नव्हे.

कालवाकाठ

ब्रसेल्सहून लिहितोय. इथल्या बोझार या कलाकेंद्रात २०२४ मध्ये आकेरमानवर मोठं प्रदर्शन होतं. मी तिथे एका दुसऱ्याच लघुपटापाशी अडकलो आणि या धाग्यावर त्याचा उल्लेख हवाच असं वाटलं : ‘ला शांब्र’, म्हणजे खोली. १९७२ चा, न्यूयॉर्कमध्ये केलेला, रंगीत, साधारण अकरा मिनिटांचा आणि संपूर्ण मूक. ती तेव्हा तिकडे राहत होती आणि मायकल स्नोसारख्यांचे प्रायोगिक चित्रपट बघत होती. छायाचित्रण बाबेत मांगोल्तचं. पुढे ‘ज्यान दीलमान’चा कॅमेराही तिचाच.

कॅमेरा खोलीच्या मधोमध आणि सावकाश गोल फिरतो. खुर्ची, टेबल, किटली, खिडकी, पलंग, पलंगावर ती, मग पुन्हा खुर्ची. कॅमेरा तिच्यापाशी थांबत नाही. किटलीला जेवढा वेळ, तेवढाच तिला. पुढच्या फेरीत ती कुशीवर वळलेली असते, आणखी पुढच्या फेरीत सफरचंद खात असते. काही फेऱ्यांनंतर कॅमेरा अचानक दिशा बदलतो आणि उलटा फिरू लागतो.

मला तिथे उभं असताना वाटलं की या खोलीतली नित्याची कामं कॅमेराच करतोय. घरातल्या बाईची नजर सकाळी एकदा सगळीकडून फिरते ना, काय कुठे आहे, काय राहिलंय, तशी. त्यामुळे ती स्वतः मोकळी आहे. नुसती पडून राहू शकते. ‘सोत मा विल’मधल्या मुलीला हे सुख नव्हतं, सगळं तिलाच करायचं होतं. चार वर्षांत तिने एकटं असण्याची दुसरी तऱ्हा शोधली. इथे परदेशात एकट्याने राहताना मला या दोन्ही खोल्या ओळखीच्या आहेत. पहिली वर्षं पहिलीत गेली.

केतकी_प

कालवाकाठ, फार सुंदर. आणि तो मूक आहे हेही विसरू नका. आधीच्या लघुपटात तो आतला आवाज थांबतच नव्हता. इथे तो पूर्ण थांबलाय.

निशिगंध

कालवाकाठ यांनी सांगितलेला बघितला. हा बघवला. दोनदा बघितला. ती सफरचंद खाताना सरळ आपल्याकडे बघते तेव्हा तिला कशाची घाई नाही आणि आपल्याला काही द्यायचंही नाही. बाईमाणूस दिवसाढवळ्या काही न करता पलंगावर पडलेली पडद्यावर कितीदा दिसते? आजारी तरी असते, नाहीतर कुणाची तरी वाट बघत असते.

पहिला लघुपट आता पुन्हा लावून बघेन, पण एकटी नाही. पुतणी येणार आहे रविवारी, तिच्याबरोबर.

उंबरा

निशिगंध, आमच्याकडेही दुपारची पाच मिनिटं आडवी झाले तर ‘बरं नाही का?’ असंच विचारायचे.

रीळ

आमच्या गावातल्या छोट्या गटात हे दोन्ही लघुपट एकत्र दाखवायचा विचार आहे. पागोळी, कोणता आधी ठेवावा? काळाप्रमाणे जायचं तर ‘सोत मा विल’ आधी. पण मग स्फोटानंतर लगेच अकरा मिनिटांची शांतता येते आणि लोक त्या शांततेत पहिल्याबद्दलच विचार करत बसतील, खोलीकडे बघणारच नाहीत, अशी भीती वाटते.

पागोळी

रीळ, मी तरी काळाप्रमाणेच ठेवीन, पण मधे दिवे लावून बोलायला वेळ द्या. निशिगंधताईंनी सांगितलेले चार शब्द आधी, आणि केतकीचा आवाजाचा मुद्दा नंतर, म्हणजे लोकांना स्फोटाखेरीज बोलायला दुसरं काहीतरी मिळेल. त्यानंतर ‘ला शांब्र’. तो सुरू करण्यापूर्वी आवाज नाही हे आवर्जून सांगा, नाहीतर पहिली दोन मिनिटं लोक स्पीकर बिघडला म्हणून मागे वळून बघत राहतील. सभागृहाचे पंखे बंद करता आले तर करा. आणि शक्य असेल तर पुढच्या खेपेला ‘उसकी रोटी’ ठेवा. काकूंना बोलवा त्या दिवशी, भाकरीच्या दृश्यांवर त्यांचं म्हणणं मला ऐकायचं आहे.